निलंबनातच निवृत्ती येतेय: निर्वाह भत्ता आणि ग्रॅच्युइटीचं काय?

राजापूरकर:
मोठे भाऊ रत्नागिरी जिल्ह्यात राज्य शासनाच्या एका कार्यालयात लिपिक आहेत. निलंबनाला सात महिने झाले, दोषारोपपत्र अजून मिळालेलं नाही. मूळ वेतन ६०,०००. निर्वाह भत्ता अजून निम्म्यावरच आहे, त्यातून पतपेढीचा हप्ताही परस्पर कापतात. चार महिन्यांनी ते वयोमानाने निवृत्त होतील. भत्ता वाढतो का? निवृत्तीला हातात काय पडेल?

लेखाशाखा_कुडाळ:
वाढतो, पण मागितल्याशिवाय सहसा नाही. १९८१ च्या निलंबन काळातील प्रदानांच्या नियमावलीतला नियम ६८ बघा. पहिले तीन महिने अर्धवेतनी रजेइतकी रक्कम, म्हणजे ३०,००० आणि महागाई भत्ताही त्या ३०,००० वरच. घरभाडे भत्ता मात्र निलंबनाच्या तारखेच्या वेतनावर. तीन महिन्यांनंतर, विलंब कर्मचाऱ्यामुळे नसेल तर हा भत्ता त्याच्याच ५० टक्क्यांपर्यंत वाढवता येतो: ३०,००० चे ४५,०००. पुष्कळ जण ५० टक्के मूळ वेतनावर धरतात आणि अर्ज चुकतो. उलट विलंब त्यांच्यामुळे झाला असं ठरलं तर तेवढ्यापर्यंत कपातही होऊ शकते. म्हणून अर्जात पत्रव्यवहाराच्या तारखा घाला.

दरमहा ‘अन्य नोकरी, धंदा, व्यवसाय करत नाही’ हे प्रमाणपत्र द्यायचं आणि पोच घ्यायची. ते नसेल तर देयक अडतं. रोज हजेरीपटावर सही ही भत्त्याची अट नाही, मात्र मुख्यालय लेखी परवानगीशिवाय सोडू नका.

पतपेढीचा हप्ता लेखी संमतीशिवाय कापता येत नाही. आयकर, व्यवसाय कर, शासकीय अग्रिमाचा हप्ता कापला जाणारच. भविष्य निर्वाह निधीची वर्गणी कापायची नसते.

सागरवेळ:
ग्रॅच्युइटी रोखता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये झारखंडच्या प्रकरणात तसं स्पष्ट सांगितलंय.

दापोली_पेन्शन:
सागरवेळ, तिथे रोखण्याचा नियमच नव्हता. आपल्याकडे १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांत २७ आणि १३० आहेत. चौकशी प्रलंबित असेल तर तात्पुरतं निवृत्तिवेतन मिळतं, ग्रॅच्युइटी निकालापर्यंत थांबते. चौकशी फक्त किरकोळ शिक्षेसाठीची असेल तर ग्रॅच्युइटी देता येते. अंशराशीकरणही (निवृत्तिवेतनाच्या काही भागाच्या बदल्यात एकरकमी पैसे घेणं) तोवर नाही. रजा रोखीकरण वसुलीच्या शक्यतेपोटी रोखू शकतात. भविष्य निर्वाह निधी आणि गट विमा मात्र द्यावाच लागतो.

राजापूरकर, निवृत्तीनंतर प्रकरण आपोआप मिटेल असं समजू नका. नियम २७ मध्ये निलंबनाच्या तारखेपासूनच कार्यवाही सुरू झाली असं धरतात. शिवाय निवृत्तीच्या दिवशी निलंबित असतील तर तात्पुरत्या निवृत्तिवेतनासाठी सेवा निलंबनाच्या आदल्या दिवसापर्यंतच मोजतात.

म्हणून आधी पुनःस्थापनेच्या, म्हणजे पुन्हा कामावर रुजू होण्याच्या, मागे लागा. ९ जुलै २०१९ च्या शासन निर्णयानुसार ९० दिवसांत दोषारोपपत्र न दिल्यास निलंबन संपवावंच लागतं. त्याची प्रत जोडून आजच अर्ज करा. निलंबनाचा काळ कर्तव्यकाळ धरायचा का, हे १९८१ च्या नियमावलीतल्या नियम ७२ खाली नंतर ठरतं.

राजापूरकर:
आणि अर्जावर काहीच झालं नाही तर?

दापोली_पेन्शन:
राज्य शासनाचे कर्मचारी म्हणून मॅट (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण), मुंबई. जिल्हा परिषदेचे असते तर मॅट चालली नसती, उच्च न्यायालय गाठावं लागलं असतं. ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी-सिंधुदुर्गाला त्यासाठी कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे.