‘मध्यावधी’ बदली आणि ‘मुदतपूर्व’ बदली: एकच की दोन?

काना_मात्रा: बदलीच्या बातम्यांत हे दोन शब्द सर्रास एकमेकांच्या जागी वापरलेले दिसतात. अर्थ एकच आहे का?

नस्तीबंद: नाही, आणि ही गल्लत महागात पडते. महाराष्ट्राच्या 2005 च्या बदली अधिनियमात (अंमल 1 जुलै 2006 पासून) दोन वेगळी बंधने आहेत. कलम 3 प्रमाणे गट अ, ब, क मधल्या शासकीय कर्मचाऱ्यांचा पदावरचा सर्वसाधारण काळ 3 वर्षे. तो पुरा होण्याआधी हलवले तर बदली मुदतपूर्व, तिला कलम 4(5) लागते. आणि बदल्या एरवी वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात करायच्या, असे कलम 4(4) सांगते. इतर महिन्यांत केली ती मध्यावधी.

म्हणजे जून 2022 ला रुजू झालेल्याची बदली एप्रिल 2024 मध्ये झाली तर ती मुदतपूर्व, पण मध्यावधी नाही. मे 2020 ला रुजू, ऑक्टोबर 2023 मध्ये बदली: मध्यावधी, पण मुदतपूर्व नाही. ऑगस्ट 2022 ला रुजू आणि डिसेंबर 2023 ला बदली, तर दोन्ही. अशा वेळी बदलीला आव्हान देणाऱ्या अर्जात दोन्ही पोटकलमे मांडावीत. एकच धरले की समोरची बाजू त्याच पळवाटेने निघते.

काना_मात्रा: मग ‘प्रशासकीय कारणास्तव’ हे कारण पुरत नाही?

नस्तीबंद: तो शब्दप्रयोग कारण सांगत नाही, झाकतो. दोन्ही पोटकलमांत कारणे लेखी नोंदवणे आणि वरिष्ठांची पूर्वमान्यता आवश्यक आहे. ‘पूर्व’ या शब्दावर भर द्या. आदेश निघाल्यावर घेतलेली कार्योत्तर मान्यता म्हणजे पूर्वमान्यता नव्हे. कारण आदेशात छापलेले नसले तरी चालते, पण नस्तीतल्या (कार्यालयीन फाइलमधल्या) टिपणीत हवे. म्हणून माहिती अधिकारात टिपणी, नागरी सेवा मंडळाची शिफारस आणि मान्यतेची तारीख मागवतात. टिपणीत नसलेले कारण नंतर प्रतिज्ञापत्रात आणून आदेश सावरता येत नाही. मोहिंदरसिंग गिल खटल्यातले (1978) हे तत्त्व इथेही सांगितले जाते.

पाणंद: एक पुरवणी. बदली हा सेवेचाच भाग आहे. शिल्पी बोस (1991) आणि एस. एल. अब्बास (1993) या निकालांत सर्वोच्च न्यायालयाने हात आखडता ठेवला आहे: कायद्याचा भंग किंवा दुष्ट हेतू दिसला तरच हस्तक्षेप. मुलांची शाळा, आईचे आजारपण ही निवेदनात लिहायची कारणे. एकट्या त्यांच्या बळावर आदेश रद्द होणे अवघड. ‘दुष्ट हेतू’ म्हणजे दर वेळी कुणाचा खुनशीपणाच असे नाही. भलत्याच कारणासाठी अधिकार वापरला तर तो कायद्याच्या दृष्टीने दुष्ट हेतूच, हे सोमेश तिवारी (2009) निकालात आहे. पण व्यक्तीवर आरोप करायचा तर तिला नावाने प्रतिवादी करावे लागते.

काना_मात्रा: दाद मागायची कुठे?

पाणंद: राज्य शासनाचा कर्मचारी असेल तर मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर इथे पीठे आहेत. तिथे दाखल होतो तो ‘मूळ अर्ज’, याचिका नव्हे. मॅटच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयात रिट याचिका. जिल्हा परिषदेच्या शिक्षकाचा मार्ग वेगळा, तो थेट उच्च न्यायालयात जातो.

नस्तीबंद: आणखी एक फसवा शब्द: ‘जैसे थे’, म्हणजे आज आहे ती स्थिती तशीच ठेवा असा आदेश. अर्जदार जुन्या पदावरून कार्यमुक्त होऊन त्याच्या जागी दुसरा रुजू झाला असेल, तर ‘जैसे थे’ आदेशाचा फायदा त्या दुसऱ्यालाच होतो. कार्यमुक्तीआधी गेलात तर तोच आदेश तुम्हाला खुर्चीवर ठेवतो. त्यामुळे मागणी ‘बदली आदेशाच्या अंमलबजावणीस स्थगिती’ अशी नेमकी लिहावी, आणि त्या दिवशी पदभार कुणाकडे आहे ते तारखेसह सांगावे. जागेवर येणाऱ्यालाही प्रतिवादी करायला विसरू नये. एकतर्फी कार्यमुक्तीचा आदेश हाती पडला असेल, तर त्यालाही त्याच अर्जात आव्हान द्यावे.

काना_मात्रा: आणि ‘पदस्थापना’? ती बदलीच ना?

पाणंद: पदोन्नतीनंतर नवे ठिकाण मिळते ती पदस्थापना. तिथे ‘मुदतपूर्व’चा मुद्दा सहसा टिकत नाही, कारण जुने पदच सुटलेले असते.