‘खऱ्या’ म्हणून विकल्या जाणाऱ्या प्रौढ चित्रफिती आणि संमतीचा प्रश्न

अनुराधा:
‘पहिल्यांदाच कॅमेऱ्यासमोर’ अशी जाहिरात करून विकल्या जाणाऱ्या प्रौढ चित्रफितींना माझा आक्षेप अश्लीलतेवरून नाही. तिथे बाईचा संकोच हाच माल असतो. अमेरिकेतील सॅन दिएगो इथे ‘गर्ल्स डू पॉर्न’ या संकेतस्थळाविरुद्ध चाललेल्या खटल्यात हे उघड झाले. मॉडेलिंगच्या जाहिरातीला उत्तर देणाऱ्या तरुणींना सांगितले जाई की, चित्रफीत परदेशातल्या खासगी गिऱ्हाइकांना डीव्हीडीवर जाईल, इंटरनेटवर येणार नाही. हॉटेलच्या खोलीत घाईघाईने पुढे केलेल्या करारावर संकेतस्थळाचे नाव नसे. जानेवारी २०२० मध्ये न्यायालयाने २२ स्त्रियांना सुमारे १ कोटी २७ लाख डॉलर मंजूर केले. सही होती, संमती मात्र फसवून घेतलेली होती.

श्रीनिवास:
तो गुन्हाच होता, याबद्दल दुमत नाही. पण त्यावरून सगळा प्रकार शोषणाचा ठरवणे मला मान्य नाही. या शैलीतल्या कित्येक चित्रफितींत व्यावसायिक कलाकार ठरलेली भूमिका करतात. अनोळखी भेट, अवघडलेपण हे सारे लिहिलेले असते. नाटकातले रडू खरे नसते म्हणून आपण नटीची कीव करत नाही. या स्त्रियांना सरसकट बळी म्हणताना त्यांचा निर्णय आपण त्यांच्याकडून काढून घेतो.

अनुराधा:
नाटकाला तिकीट काढणाऱ्याला ते नाटक आहे हे ठाऊक असते, श्रीनिवासजी. इथे ते लपवण्यावरच धंदा चालतो, त्यामुळे रंगवलेला संकोच आणि खरी भीती पडद्यावर सारखीच दिसते. काही निर्माते चित्रीकरणाआधी आणि नंतर कलाकाराशी झालेले बोलणे चित्रफितीतच ठेवतात. ‘खरेपणा’ विकणाऱ्याला ते परवडत नाही, कारण त्याने भ्रम मोडतो.

मृणाल:
दोघांच्याही बोलण्यात नंतरचा काळ राहून गेला. त्या निकालाने चित्रफितींचे हक्कही स्त्रियांना दिले, तरी पसरलेल्या प्रती परत गोळा करता येत नाहीत. कार्डाने पैसे भरण्याची सेवा देणाऱ्या मास्टरकार्डने २०२१ पासून प्रौढ संकेतस्थळांना चित्रफितीतील व्यक्तींचे वय, ओळख आणि संमती यांची नोंद बंधनकारक केली, हे चांगलेच झाले. पण संमती मागे घेण्याची सोय प्रत्येक करारात का नसावी?

श्रीनिवास:
ती सोय हवी, हे मान्य. माझी हरकत एवढीच की, अशा नियमांमुळे बँका घाबरून या धंद्यातल्यांची सरसकट खाती बंद करतात, तेव्हा पहिला फटका स्वतःच्या अटींवर काम करणाऱ्या स्त्रीला बसतो, फसवणाऱ्या निर्मात्याला नव्हे.