मदत हवी आहे : ‘मुक्ता’ या नावाचा अर्थ आणि वापर

नमस्कार. पुढच्या रविवारी आमच्या मुलीचे बारसे असून ‘मुक्ता’ हे नाव जवळजवळ ठरले आहे, मात्र काल कुंच्याला गोंडा लावता लावता आजेसासूबाई म्हणाल्या, “मुक्ता म्हणजे संसारातून सुटलेली. एवढ्याशा लेकराला वैराग्याचे नाव कशाला?” तेव्हापासून घरात दोन तट पडले आहेत.

संस्कृतात ‘मुक्ता’ म्हणजे मोती, शिंपल्यातून मोकळा झालेला, आणि ‘मोकळी’ हा अर्थही त्याच धातूतून येतो, एवढे मला माहीत आहे. माझ्या मनात मात्र आधी येते ती निवृत्तिनाथ, ज्ञानदेव आणि सोपानदेव यांची धाकटी बहीण, जिने रुसून ताटी लावून बसलेल्या ज्ञानदेवांना अभंगांतून समजावले आणि वयाने कितीतरी मोठ्या चांगदेवांचे गुरुपद भूषवले. हे मला वैराग्यापेक्षा धिटाईचेच वाटते. १८५५ साली ‘ज्ञानोदया’त मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिणारी, फुले दांपत्याच्या शाळेतील मुक्ता साळवेही याच नावाची.

जळगाव जिल्ह्यातील मुक्ताईनगरकडच्या मंडळींना विशेष विचारायचे आहे : आपल्याकडे मुलीचे नाव ‘मुक्ताई’ असेच ठेवतात, की ‘मुक्ता’ ठेवून हाक तेवढी ‘मुक्ताई’ अशी मारतात? जन्मदाखल्यावर यांपैकी कोणते रूप लिहावे? मुक्ताईचा उल्लेख असलेला एखादा पारंपरिक पाळणा कोणाच्या आजीला येत असल्यास कृपया शब्द लिहून पाठवावेत.