अल्टुवेला चोर म्हणणाऱ्यांना माझं उत्तर

केटीकर
परवा सांतामोनिकाकर यांनी ह्यूस्टन अ‍ॅस्ट्रोज या बेसबॉल संघाच्या होसे अल्टुवेवर इथे तीन ओळी टाकल्या होत्या. २०१७ मध्ये हा संघ प्रतिस्पर्ध्यांच्या खुणा कॅमेऱ्याने चोरून, कचऱ्याचा डबा बडवून आपल्या बॅटरला कळवायचा, त्यावरून. "अल्टुवे म्हणजे कचऱ्याचा डबा. चोर. एमव्हीपी (मोसमातल्या सर्वोत्तम खेळाडूचा किताब) चोरीचा, विजेतेपदाची अंगठी चोरीची. हॉल ऑफ फेमच्या, म्हणजे थोर खेळाडूंच्या मानाच्या दालनाच्या दारातही त्याला उभं करू नये." खाली भराभर अंगठे पडले. दोन दिवस गप्प बसून पाहिलं, जमत नाही.

मी २०१० पासून ह्यूस्टनच्या पश्चिमेला राहतो. अ‍ॅस्ट्रोज २०११ मध्ये १०६ सामने हरले, पुढच्या वर्षी १०७, त्याच्या पुढच्या वर्षी १११. तेव्हा वरच्या मजल्यावर आमच्या रांगेत मी आणि माझा मुलगा दोघंच असायचो. जुलै २०११ मध्ये सेकंड बेसजवळ एक पोरगा उभा दिसला, मला तो बॉलबॉय वाटला. तो होसे अल्टुवे. साडेपाच फूट. त्या तीन वर्षांत त्या मैदानावर बघण्यासारखा तो एकटाच होता. मुलाला बेसबॉलची गोडी त्याच्यामुळे लागली.

हा माणूस कुठून आला ते आठवा. व्हेनेझुएलात, माराकायमधल्या चाचणीत पहिल्या दिवशी त्याला परत पाठवलं होतं. इतका बुटका, वय तरी खरं सांगतोय का अशी शंका. वडिलांनी दुसऱ्या दिवशी पुन्हा जायला लावलं आणि तो जन्माचा दाखला घेऊन गेला. २००७ मध्ये करार झाला १५,००० डॉलरचा. तिथल्या सोळा वर्षांच्या पोरांना लाखो डॉलर मिळतात त्या बाजारात १५,००० म्हणजे चिल्लर. पुढे २०१४ मध्ये २२५ हिट (बेसवर पोचवणारे फटके), सरासरी .३४१ (शंभरात चौतीस हिट), ५६ स्टील (चकवून पळत घेतलेले बेस). अ‍ॅस्ट्रोजच्या इतिहासातला पहिला बॅटिंग किताब. २०१४ ते २०१७ सलग चार वर्षं दोनशे किंवा जास्त हिट. या चारपैकी डबा वाजला एका वर्षी. बाकीच्या तीन वर्षांचं काय करणार?

आणि त्या एका वर्षाचंही बघू. २०१७ मध्ये घरच्या मैदानावर त्याची सरासरी .३११ आणि बाहेर .३८१. डबा घरी होता, बाहेर नव्हता. चोर आपल्याच घरात कमी कमावतो का?

सांतामोनिकाकर
केटीकर, मुलाची आठवण वाचून बरं वाटलं. आता माझीही वाचा.

२९ ऑक्टोबर २०१७, वर्ल्ड सिरीजचा, म्हणजे अंतिम मालिकेचा पाचवा सामना, तुमच्या घरी. आमच्या डॉजर्सचा पिचर कर्शॉ, ४-० आघाडी. आमच्याकडे सहा जण जमले होते, बायकोने बटाटेवडे तळायला घेतले होते. तुमच्या गुरिएलने तीन धावांचा होम रन मारून ४-४ केले. आम्ही पुन्हा ७-४ ने पुढे गेलो, तर आमच्या माएदाला तीन धावांचा होम रन मारून ७-७ कोणी केले? तुमच्या बॉलबॉयने. दहा डावांत १३-१२ ने हरलो. कर्शॉचा स्लायडर, म्हणजे वळणारा चेंडू, भलेभले हवेत मारतात. त्या रात्री त्याला कोणी फसेचना. मी बायकोला म्हणालो, यांना आधीच कळतंय. ती म्हणाली, तू हरलास की असंच बोलतोस. दोन वर्षांनी, नोव्हेंबर २०१९ मध्ये, त्याच संघाचा माजी पिचर माइक फायर्स उघडपणे बोलला तेव्हा मी तिला ती बातमी मोठ्याने वाचून दाखवली.

कॅचरच्या खुणा टिपणारा सेंटर फील्डचा कॅमेरा, डगआउटमागे (खेळाडू बसतात त्या जागेमागे) बोळात टीव्ही, शेजारी कचऱ्याचा डबा. संथ चेंडू येणार असेल तर बॅटने डबा बडवायचा, फास्टबॉलला गप्प. हे चाललं होतं तेव्हा तुमचा अल्टुवे कुठे होता? त्याच डगआउटमध्ये.

आकडेमोड
भावना बाजूला ठेवून जे मोजलं गेलंय ते लिहिते. अ‍ॅस्ट्रोजच्याच एका चाहत्याने २०१७ च्या घरच्या ५८ सामन्यांची चित्रफीत ऐकून ८,२७४ चेंडू तपासले. ठोके सापडले १,१४३. अल्टुवे बॅटिंगला असताना किती? २४. त्याला आलेल्या चेंडूंच्या शंभरात तीनसुद्धा नाहीत. नियमित खेळणाऱ्यांत सर्वात कमी. मार्विन गोन्झालेझ, तोही व्हेनेझुएलाचा, त्याच्या वेळचे १४७. शिवाय २०२० च्या फेब्रुवारीत त्याचा सहकारी कोरेआने जाहीर सांगितलं की अल्टुवेला डबा नको असायचा, वाजवला तर तो चिडायचा.

तरी केटीकरांचा घर-बाहेर मुद्दा मला पटत नाही. घरी कमी लागला एवढ्यावरून फायदा झाला नाही असं ठरत नाही. तो तिसऱ्या क्रमांकावर यायचा. पुढच्या दोघांना डब्याने मदत केली, ते बेसवर पोचले, पिचर थकला, चिडला, मग अल्टुवे आला. त्याच्यासाठी डबा वाजायची गरजच काय?

सांतामोनिकाकर
तेच म्हणतोय मी. २४ तर २४, मानले. पण चोवीस वेळा वाजलाच ना?

मिरजेचे मास्तर
बेसबॉल मला फारसा कळत नाही, भाचा डॅलसला असतो म्हणून थोडं बघतो. पण केटीकरांनी लिहिलंय, "इतका बुटका" म्हणून परत पाठवलं. तिथेच मी अडकलो.

माझा मुलगा चौदाव्या वर्षी विकेटकीपर होता. हात असे की चेंडू हातमोज्यात आल्याचा आवाजही येऊ नये. एका मोठ्या शहरात निवडीला नेलं. रात्रीच्या एसटीने गेलो, पहाटे स्टँडवर तोंड धुतलं, नऊला मैदानावर. निवड करणारे गृहस्थ खुर्चीवरून उठलेही नाहीत. मुलाकडे बघितलं आणि मला म्हणाले, "याला आधी दोन वर्षं दूध पाजा." एक चेंडू पकडू दिला नाही. परतीच्या गाडीत पोरगा खिडकीकडे तोंड करून बसला होता, कराडपर्यंत बोलला नाही. पुढच्या वर्षी त्याने खेळ सोडला. जन्माचा दाखला घेऊन दुसऱ्या दिवशी परत जायचं मला सुचलं नाही. ते आजही मनात आहे.

गावसकर, विश्वनाथ, सचिन. कुणाला दूध पाजलं होतं?

औंधचा ऑफस्पिनर
मास्तर, मनापासून वाईट वाटलं. पण क्रिकेटचे दाखले इथे चालत नाहीत. क्रिकेटमध्ये बुटक्या फलंदाजाचा तोल खाली, बाउन्सर डोक्यावरून जातो. बेसबॉलमध्ये उलट नियमच बुटक्याच्या बाजूने आहे. स्ट्राइक झोन गुडघ्यापासून छातीपर्यंत. बॅटर जितका बुटका तितकी पिचरची खिडकी लहान. अल्टुवेला हा फायदा जन्मजात आहे.

केटीकर
फायदा? अहो, तो खिडकी लहान आहे म्हणून चेंडू सोडत बसत नाही. डोळ्यांच्या उंचीवरचे चेंडू मारतो, बुटाजवळचे मारतो. वॉक (चार खराब चेंडू सोडून मिळणारा फुकटचा बेस) घेऊन तो मोठा झालेला नाही. आणि हात आखूड असले की बाहेरचा चेंडू गाठायला काय करावं लागतं ते एकदा बॅट धरून बघा.

औंधचा ऑफस्पिनर
बॅट मी पंधरा वर्षं धरली आहे, क्लब क्रिकेटमध्ये. शिकवू नका.

केटीकर
पंधरा वर्षांत समोरून ताशी ९५ मैलांचा चेंडू किती वेळा आला? जपून बोला.

आकडेमोड
दोघेही थांबा. बुटक्याला झोनचा फायदा हे पुस्तकात. मैदानावर पंच डोळ्याने ठरवतो. न्यूयॉर्क यांकीजच्या सहा फूट सात इंचांच्या जजला गुडघ्याखालचे चेंडू स्ट्राइक दिले जातात ही यांकीजवाल्यांची जुनी तक्रार आहे. तसेच बुटक्याला छातीवरचे दिले जात असतील. नियम एक, नजर दुसरी.

मिरजेचे मास्तर
म्हणजे तिथेही बघणाऱ्याच्या डोळ्यातच मोजपट्टी.

पार्सिप्पनीची वहिनी
जजचं नाव निघालंच आहे तर ऐका. २०१७ मध्ये पहिल्याच पूर्ण मोसमात पोराने ५२ होम रन मारले, तेव्हाचा नवख्यांचा विक्रम. एमव्हीपीची पहिल्या पसंतीची ३० पैकी २७ मतं अल्टुवेला, जजला दोन. जजने त्याचं अभिनंदन करणारं चित्र टाकलं होतं, डबा उघडा पडल्यावर काढून टाकलं. ज्याचं गेलं त्याला विचारा.

आणि १९ ऑक्टोबर २०१९ मी विसरलेले नाही. अल्टुवेने आमच्या पिचर चॅपमनला होम रन मारून आम्हाला घरी पाठवलं आणि होम प्लेटवर येताना शर्ट छातीशी घट्ट धरून ठेवला. का?

केटीकर
वहिनी, तो शर्टाचा विषय तपासून झालाय. शर्टाखाली इशारा देणारं यंत्र लावल्याच्या अफवेचा शोध घेतला, पुरावा मिळाला नाही, असं मेजर लीगने २०२० च्या जानेवारीत जाहीर केलं. त्यानेही नाकारलं. आमच्याकडे भर सभेत शर्ट काढायला लाजणारा माणूस दिसला की त्याला कोणी चोर म्हणत नाही.

औंधचा ऑफस्पिनर
शर्ट सोडा, शिक्षेचं बोला. २०१८ मध्ये केपटाउनला सँडपेपर निघाला. स्मिथ आणि वॉर्नर वर्षभर घरी, बॅनक्रॉफ्ट नऊ महिने. एका कसोटीतल्या एका चेंडूसाठी! इथे महिनोन्महिने डबा वाजला. संघाला ५० लाख डॉलर दंड, दोन वर्षांच्या ड्राफ्टच्या (नव्या खेळाडूंच्या निवडीच्या) पहिल्या दोन निवडी गेल्या, मॅनेजर हिंच आणि जनरल मॅनेजर लूनो वर्षभर बाद आणि नोकरीतून बाहेर. खेळाडूंपैकी एकालाही एक दिवस नाही. ज्यांच्या हातात बॅट होती ते सगळे सुटले.

आकडेमोड
कारण मेजर लीगने खेळाडूंना आधी अभय दिलं होतं. खरं सांगा, शिक्षा होणार नाही. तसं केलं नसतं तर कोणीच बोललं नसतं. लीगच्या अहवालात खेळाडू म्हणून नाव फक्त त्या संघातल्या बेल्ट्रानचं. मॅनेजर हिंचने तो टीव्ही दोनदा फोडला, असंही त्यात आहे. फोडला, पण थांबवलं नाही.

सांतामोनिकाकर
आकडेमोड ताईंनी माझं काम केलं. हिंचने टीव्ही फोडला तरी त्याची नोकरी गेली, कारण थांबवायची जबाबदारी त्याची होती. मग अल्टुवेची काहीच नव्हती? संघातला सर्वात जुना आणि सर्वात मोठा खेळाडू. त्याने एकदा म्हटलं असतं, "हे बंद करा", तर कोणाची डबा बडवायची हिंमत झाली असती? स्वतःसाठी नको होता, दुसऱ्यांसाठी चालत होता.

केटीकर, तुम्ही माराकायचं पोर सांगता ना? मग माइक बोल्सिंगरही आठवा. टोरंटोचा रिलीव्हर, म्हणजे मधेच येणारा बदली पिचर. ४ ऑगस्ट २०१७, तुमचं मैदान. एक गडी बाद करेपर्यंत चार धावा गेल्या. लगेच खालच्या लीगमध्ये पाठवला, परत कधी मेजर लीगमध्ये चेंडू टाकला नाही. त्यालाही कोणीतरी "जा घरी" म्हटलं. तो कोणता दाखला घेऊन परत जाणार होता?

मिरजेचे मास्तर
हे वाचून मी थोडा वेळ उठून गेलो होतो. बोल्सिंगरचं मला ठाऊक नव्हतं.

पार्सिप्पनीची वहिनी
आणि डबा गेल्यावर काय झालं? २०२० मध्ये .२१९. प्लेऑफमध्ये टॅम्पाविरुद्ध सेकंड बेसवरून साधे थ्रो जमिनीत. शिकवणीला जाणारं मूलसुद्धा जमवेल असे.

केटीकर
वहिनी, २०२० चा मोसम साठ सामन्यांचा, त्यातले तो ४८ खेळला. पुढचं का लिहीत नाही? २०२१ मध्ये ३१ होम रन. त्याच मोसमात ६ मे रोजी, त्याच्या वाढदिवशी, तुमच्याच मैदानात, तुमचे लोक घसा फुटेस्तोवर ओरडत असताना आठव्या डावात तीन धावांचा होम रन. २०२२ मध्ये बरोबर .३००. ऑक्टोबर लागला तर पहिल्या २५ वेळा एकही हिट नाही. २५! लोक हसत होते. तरी वर्ल्ड सिरीज जिंकलो, आणि त्या वेळी डबा नव्हता. २०२३ मध्ये व्हेनेझुएलाकडून खेळताना अमेरिकेच्या बार्डच्या चेंडूने अंगठा मोडला, मोसमाचे पहिले सात आठवडे गेले. परत आला आणि ऑक्टोबरमध्ये आर्लिंग्टनला नवव्या डावात तीन धावांचा होम रन मारून सामना फिरवला. प्लेऑफमध्ये त्याच्याहून जास्त होम रन फक्त मॅनी रामिरेझचे, २९. हे सगळं कोणत्या डब्याने दिलं?

सांतामोनिकाकर
कोणत्याच नाही. तो उत्तम खेळाडू आहे, मी कधी नाही म्हटलं? म्हणूनच राग येतो. ज्याला गरज नव्हती तो गप्प बसला. बोल्सिंगरचं उत्तर मात्र तुम्ही टाळलंत.

केटीकर
टाळलं नाही. रात्रभर त्यावरच विचार करत होतो.

२०१७ चा शेवटचा चेंडू मी शंभर वेळा पाहिलाय. सातवा सामना, तुमचं मैदान, आमच्या मॉर्टनचा चेंडू, तुमच्या सीगरचा जमिनीवरून गेलेला फटका. अल्टुवे उजवीकडे उभा होता, चेंडू घेतला, गुरिएलकडे फेकला आणि धावत सुटला. माझा मुलगा तेव्हा बारा वर्षांचा, सोफ्यावरून उडी मारताना त्याने टीपॉय पाडला. डबा उघडा पडल्यावर त्याने मला विचारलं, "बाबा, त्याला माहीत होतं?" मी म्हणालो, तो स्वतः वापरत नव्हता. मुलगा म्हणाला, "मी ते नाही विचारलं." तेव्हा मी विषय बदलला होता. इथेही गेले दोन दिवस तेच करत होतो.

त्याला माहीत होतं. त्याने बोलायला हवं होतं. बोल्सिंगरपुढे माझ्याकडे उत्तर नाही. एवढं लिहितो. पण .३८१ त्याने बाहेरच्या मैदानांवर स्वतःच्या हातांनी मारलेत आणि व्हेनेझुएलातून हॉल ऑफ फेममध्ये १९८४ मध्ये गेलेल्या अपारिसियोच्या शेजारी त्याची पाटी लागावी असं मला आजही मनापासून वाटतं. "चोर" शब्द मागे घ्या.

सांतामोनिकाकर
मागे घेत नाही. परवाच्या नोंदीत "चोर" काढून "गप्प राहिला" असं केलंय. हॉल ऑफ फेमची ओळ तशीच ठेवली आहे.