√५० + √१८ = √६८ का नाही?

नववीतली आई:
मुलगी करणीच्या (√२ सारख्या पूर्ण न सुटणाऱ्या मुळांच्या) धड्यावर अडली आहे. काल तिने √५० + √१८ = √६८ लिहिलं. चूक म्हटलं तर म्हणाली, "√५० × √१८ = √९०० = ३० चालतं ना? मग बेरजेत मुळाखालचे आकडे का नाही मिळवायचे?" उत्तर मला येतं. ५√२ आणि ३√२, सजातीय करणी (मुळाखाली तोच आकडा), म्हणून ८√२. पण हे मी शाळेत घोकलेलं. "नियमच आहे" असं तिला सांगवत नाही.

बीएस्सीवाला:
√९ + √१६ करायला लावा. ३ + ४ = ७, आणि √२५ तर ५.

नववीतली आई:
दादा, ते दाखवलं. चूक आहे हे पटलं, पण "का" सोडत नाही.

निवृत्त गणित शिक्षक:
ताई, ती योग्य तेच विचारते आहे. चौकटीची वही घ्या, एका चौकटीचा कर्ण काढा. त्या कर्णावर चौरस काढला की त्यात चार अर्ध्या चौकटी येतात. क्षेत्रफळ २, म्हणून कर्ण √२. शुल्बसूत्रांत, म्हणजे यज्ञवेदी आखण्याच्या प्राचीन ग्रंथांत, याच रेषेला द्विकरणी म्हणतात, क्षेत्रफळ दुप्पट करणारी. आपला "करणी" शब्द तिथलाच.

आता तिरकं पाच चौकटी जा, त्या रेषेवरचा चौरस ५० चा. तिथूनच पुढे तीन चौकटी, त्यांच्यावरचा १८ चा. सगळे मिळून आठ कर्ण, आणि अख्ख्या रेषेवरचा चौरस १२८ चा! ६८ वर ६० जास्त कुठून आले? मोठ्या चौरसात ५० आणि १८ चे चौरस समोरासमोरच्या कोपऱ्यांत बसवा. दोन आयत उरतात, प्रत्येकी √५० × √१८, म्हणजे ३०. तिचाच गुणाकार तिथे लपला आहे.

भास्कराचार्यांच्या 'बीजगणित' ग्रंथात हीच रीत आहे. करणी २ आणि ८ (म्हणजे √२ आणि √८) यांची बेरीज: २ + ८ + २√१६ = १८, म्हणजे √१८. पण ३ आणि ७ घेतले तर √२१ पूर्ण सुटत नाही, म्हणून त्या वेगळ्याच ठेवायच्या.

नववीतली आई:
सर, आयत तिने रंगवले! मग √१२ + √२७ स्वतःच केलं: १२ + २७ + ३६ = ७५, म्हणजे ५√३. पण √३ लांबीची रेषा चौकटींच्या कोपऱ्यांत कुठेच सापडत नाही म्हणते.

निवृत्त गणित शिक्षक:
सापडणारच नाही, तिचं बरोबर आहे. कंपास द्या तिला. पाया १ आणि कर्ण २ असलेला काटकोन त्रिकोण काढला की उभी बाजू √३.