'कोंगो' जपानी की ब्रिटिश?

दर्यावर्दी
जपानने रशियन आरमाराला धूळ चारली त्या त्सुशिमाच्या लढाईचा (१९०५) विषय निघाला की जपानी आरमाराच्या कौतुकाला ऊत येतो. पण त्या लढाईतल्या अॅडमिरल तोगोची युद्धनौका 'मिकासा' बांधली व्हिकर्स या ब्रिटिश कंपनीने, इंग्लंडातल्या बॅरोच्या गोदीत. 'आसाही' क्लाइडबँकची, 'शिकिशिमा' थेम्सकाठची. १९११ साली 'कोंगो' ही बॅटलक्रूझर (बॅटलशिपसारख्या जड तोफांची, पण जास्त वेगवान युद्धनौका) बांधायला घेतली तीही बॅरोलाच, आराखडा व्हिकर्सच्या जॉर्ज थर्स्टनचा. माझं मत सरळ आहे: पहिल्या महायुद्धापर्यंत माल ब्रिटिश, झेंडा फक्त जपानी.

तोफखाना
साफ असहमत. अर्धीच गोष्ट सांगितलीत. एक जहाज बॅरोत आणि त्याच आराखड्यावरची तीन घरी: 'हिएई' योकोसुकाच्या आरमारी गोदीत, 'हारुना' कोबेला कावासाकीकडे, 'किरिशिमा' नागासाकीला मित्सुबिशीकडे. जपानी तंत्रज्ञ बॅरोत राहून बांधणी शिकले. नुसतं गिऱ्हाईक एवढा खटाटोप करत नाही.

आणि तोफा बघा. ब्रिटिशांच्या स्वतःच्या 'लायन' या बॅटलक्रूझरवर साडेतेरा इंची (तोफेच्या नळीचा व्यास), जपान्यांनी मागून घेतल्या १४ इंची. लायनचा तिसरा बुरूज, म्हणजे तोफांचा फिरता मनोरा, धुराड्यांच्या मधोमध अडकलेला, थेट मागे मारा करायची सोयच नाही. कोंगोत तो धुराड्यांच्या मागे आला. नंतरच्या ब्रिटिश 'टायगर'मध्येही तीच मांडणी. आता बोला, कोण कोणाकडून शिकलं?

दर्यावर्दी
इंग्रज इंग्रजाकडून! थर्स्टन काय ओसाकाचा होता? शिवाय हिएईचंही बरंच सामान ब्रिटनहूनच गेलं.

खवचट_काका
तुम्ही दोघंही फ्रेंचांना विसरलात. एमिल बेर्तां हा फ्रेंच जहाजरचनाकार १८८६ ते ९० जपानात होता. चिनी आरमारातल्या जर्मन बनावटीच्या मोठ्या जहाजांवर उतारा म्हणून त्याने जेमतेम सव्वाचार हजार टनी क्रूझरवर ३२० मिमीची एकेक अजस्र तोफ चढवली. तोफ बाजूला वळवली की जहाज कलायचं. 'मात्सुशिमा'ची तर तोंड करून होती मागे! १८९४ च्या चीनविरुद्धच्या यालूच्या लढाईत या तोफांनी मोजकेच गोळे टाकले, खरं काम केलं १२० मिमीच्या झटपट तोफांनी. पोळल्यावर जपान ब्रिटिशांकडे वळला. कोणाचं उचलायचं नाही, हे कळणं हीसुद्धा अक्कलच.

बाकी, कोंगोच्या कंत्राटातली दलाली कोणी विसरू नये. व्हाइस अॅडमिरल मात्सुमोतोला शिक्षा झाली आणि सीमेन्स-व्हिकर्स लाचखोरी प्रकरणात १९१४ साली पंतप्रधान यामामोतोचं सरकार गेलं. तंत्रज्ञान फुकट आलं नाही, वरचा खर्चही झाला.

तोफखाना
काका, दलालीने जहाजाची रचना बदलत नाही. दर्यावर्दींना विचारतो, 'सात्सुमा' या जपानी बॅटलशिपचं काय? योकोसुकात १९०५ च्या मे महिन्यात बांधणी सुरू, म्हणजे सगळ्या मोठ्या तोफा एकाच मापाच्या असलेल्या प्रसिद्ध ब्रिटिश 'ड्रेडनॉट'च्या पाच महिने आधी. आराखड्यात बारा तोफा, सगळ्या १२ इंची.

दर्यावर्दी
आराखड्यात! प्रत्यक्षात १२ इंची चारच बसल्या, बाकी दहा इंचीवर भागवलं. पैसा नाही, तोफा नाहीत, त्याही बाहेरून आणायच्या. कागदावर काय, मीही रोज पंधरा इंची बसवतो.

तोफखाना
बरं, मग १९२० च्या 'नागातो' या बॅटलशिपवर या. ती कुरेच्या गोदीत बांधलेली, तोफा ४१० मिमी. तेव्हा ब्रिटिशांच्या बॅटलशिपा १५ इंचांवर, म्हणजे ३८१ मिमीवर थांबलेल्या.

दर्यावर्दी
तिच्या रचनेत मोठा वाटा असलेला जपानी जहाजरचनाकार हिरागा शिकला कुठे? इंग्लंडात, ग्रिनिचच्या आरमारी कॉलेजात. आणि वेगवान, जड तोफांची बॅटलशिप ही कल्पना ब्रिटिश 'क्वीन एलिझाबेथ' बॅटलशिपची.

तोफखाना
ग्रिनिचला शिकला म्हणून काय जन्मभर ग्रिनिचचीच री ओढायची? नागातो साडेसव्वीस नॉट धावायची, जगाला सांगितलं २३. साहेबाचीच नक्कल होती तर साहेबापासून लपवायचं काय होतं?