अडलेला इंग्रजी शब्द : तुमचा अनुभव लिहा

इंग्रजी शब्द लिहिला जातो तसाच उच्चारला जात नाही, हे मराठी शाळेत शिकलेल्या आपल्यापैकी अनेकांना चारचौघांत चुकल्यावरच कळले. तो शब्द कोणता, कुठे अडला आणि पुढे त्याचे मूळ हाती लागले का, हे येथे सविस्तर लिहावे. सुरुवात मी करते.

माझे वडील मुंबईच्या गोदीत हिशेबनीस होते. ‘माल कीवर उतरला’ असे ते घरी म्हणत आणि मी तो किल्लीचाच शब्द समजत असे. महाविद्यालयात उतारा वाचताना क्यू-यू-ए-वाय ही अक्षरे समोर आली, तेव्हा मी ‘क्वे’ वाचले. बाईंनी उच्चार ‘की’ असल्याचे सांगितले. म्हणजे आपण ज्याला धक्का म्हणतो, तोच हा वडिलांचा ‘की’. पुढे कोशात वाचले की पूर्वी इंग्रजीत हा शब्द किल्लीच्या शब्दासारखाच लिहीत, नंतर फ्रेंच वळणाने स्पेलिंग बदलले आणि उच्चार मात्र जुनाच राहिला. लहानपणी मी मनात धरलेले स्पेलिंग एके काळी खरोखर प्रचारात होते, याचा मला आजही आनंद वाटतो.

– माझगाव

माझा अनुभव उच्चाराचा नाही, अर्थाचा आहे. रंगाच्या कारखान्यात मी भांडारपाल असताना एका नव्या मुलाने थिनरची पिंपे वेल्डिंगच्या जागेजवळ रचली. पिंपांवर ‘इन्फ्लेमेबल’ असे ठळक लिहिलेले होते. पण ‘इनव्हिजिबल’ म्हणजे न दिसणारे, तर हे न पेटणारे असणार, असा त्याने तर्क केला होता. तर्क चुकीचा असला तरी निर्बुद्ध नव्हता, म्हणून मी त्याला रागावलो नाही. या शब्दातला ‘इन’ नकाराचा नसून पेटवणे या अर्थाच्या लॅटिन क्रियापदातून आलेला आहे, त्यामुळे ‘फ्लेमेबल’ आणि ‘इन्फ्लेमेबल’ यांचा अर्थ एकच होतो. त्याच दिवशी आम्ही दोघांनी प्रत्येक पिंपावर ‘ज्वालाग्राही’ असे मराठीत रंगवले. सूचना जीव वाचवण्यासाठी असेल, तर ती वाचणाऱ्याच्या भाषेत असलीच पाहिजे, असे माझे ठाम मत आहे.

– विक्रोळी

पावतीला ‘रिसीट’ म्हणताना ‘पी’ आणि कर्जाला ‘डेट’ म्हणताना ‘बी’ का गिळायचा, हे मला बँकेत लागल्यावर उमगले. फ्रेंचमधून आलेल्या या शब्दांत ती अक्षरे विद्वानांनी लॅटिन मूळ दाखवण्यासाठी मागाहून घातली. बोलणाऱ्यांनी ती कधी स्वीकारलीच नाहीत.

– लालबाग

मी पाचवीला इंग्रजी शिकवते. ‘गूस’चे अनेकवचन ‘गीस’ होते, म्हणून एका मुलीने ‘मंगूस’चे ‘मंगीस’ केले. योग्य रूप ‘मंगूसेस’ आहे, कारण त्या प्राण्याचा हंसाशी संबंध नाही आणि शब्द आपल्याच मुंगसावरून इंग्रजीत गेलेला आहे. हे ऐकून तिने चूक खोडली आणि शेजारी देवनागरीत ‘मुंगूस’ असे लिहिले.

– दादर